भरलेलं कार्ड आणि रिकामं कार्ड

ठाणे स्टेशनच्या पश्चिमेला किंवा वाशीत, मोबाईल दुरुस्तीच्या काउंटरवर दोन वस्तू एकमेकींशेजारी विकायला ठेवलेल्या दिसतात. एक म्हणजे वापरलेला, आतलं सॉफ्टवेअर बदललेला पीएसपी, म्हणजे सोनीचं हातात धरून खेळायचं गेमचं यंत्र. दुसरी म्हणजे खोक्यावर ‘दहा हजार गेम’ असं छापलेलं बिननावाचं हँडहेल्ड, आत आधीच भरलेलं मायक्रोएसडी कार्ड. गिऱ्हाइकाला दोन्हींत फरक जाणवत नाही, पालकांना दोन्ही सारख्याच संशयास्पद वाटतात आणि दुकानदार दोन्ही सारख्याच दबक्या आवाजात विकतो. या सरमिसळीत नुकसान होतं ते पहिल्या वस्तूचं.

जुनं यंत्र उघडणं, त्याचं सॉफ्टवेअर बदलणं, स्वतः विकत घेतलेल्या डिस्कची किंवा कॅसेटची प्रत काढून त्यावर खेळणं हे रास्त आहे. आपल्या कायद्यात त्याला जागा आहे, आणि ते उजळ माथ्याने, पावती देऊन-घेऊन व्हायला हवं. दुसऱ्याचे गेम भरून कार्ड विकणं हा गुन्हा आहे. गेम वीस वर्षांपूर्वीचे असले म्हणून तो सौम्य होत नाही. यंत्रात बदल केला की नाही हा प्रश्न गौण आहे. कार्ड रिकामं दिलं की भरलेलं, हे विचारायला हवं.

पीएसपीचंच उदाहरण घेऊ, कारण सेकंडहँड बाजारात तो अजून मिळतो. सोनीने तो डिसेंबर २००४ मध्ये जपानमध्ये आणला. ३३३ मेगाहर्ट्झपर्यंत चालणारा प्रोसेसर, पहिल्या मॉडेलात ३२ एमबी आणि २००० क्रमांकाच्या मॉडेलपासून ६४ एमबी मेमरी, ४८० गुणिले २७२ पिक्सेलचा पडदा. गेम यायचे यूएमडीवर, म्हणजे प्लास्टिकच्या कवचातल्या ६० मिलिमीटरच्या डिस्कवर, जिच्यात जास्तीत जास्त १.८ जीबी मावतात. थेट यंत्रावरून गेम विकत घेण्याची सोय जुलै २०२१ मध्ये बंद झाली. ज्याच्याकडे सोनीचीच पीएस३ किंवा व्हिटा ही यंत्रं नाहीत त्याला आता वापरलेली यूएमडी शोधण्यावाचून मार्ग नाही.

या यंत्रात आधी काय मरतं? बहुतेक वेळा यूएमडीचा ड्राइव्ह. मोटर थकते, लेन्सवर धूळ आणि ओल बसते. मग मेमरी स्टिक प्रो ड्युओ हे मेमरी कार्ड, जी सोनीची स्वतःची जात आणि आता नवी, खरी मिळणं दुरापास्त. मग बॅटरी: १००० या पहिल्या मॉडेलची १८०० एमएएच, २००० आणि ३००० ची १२०० एमएएच. वय झालं की ती फुगते आणि मागचं झाकण उचलते. खुद्द यूएमडीचं कवचही दोन अर्ध्या भागांचं असतं आणि त्याचा सांधा सुटतो. ड्राइव्ह गेला की घरातल्या सगळ्या यूएमडी जागच्या जागी निरुपयोगी होतात. बदललेलं सॉफ्टवेअर त्याच डिस्कच्या प्रती कार्डावरून चालवतं. मोटर फिरत नाही म्हणून बॅटरी जास्त टिकते, लोडिंगही लवकर होतं. ही सरळसरळ दुरुस्ती आहे.

केंद्राच्या ग्राहक व्यवहार विभागाने डिसेंबर २०२२ मध्ये ‘राइट टू रिपेअर’चं पोर्टल सुरू केलं. त्यात चार क्षेत्रं घेतली: शेतीची अवजारं, मोबाईल-टॅब्लेट, घरगुती उपकरणं आणि वाहनं. गेमची यंत्रं त्या चौकटीत नाहीत. दुसरीकडे, २०२२ च्या ई-कचरा नियमांच्या यादीत हातात धरून खेळायच्या व्हिडिओ गेम यंत्रांची नोंद आहे. कचरा म्हणून सरकारला ही वस्तू दिसते, दुरुस्त करण्याजोगी म्हणून दिसत नाही. हा विरोधाभास मिटायला हवा.

आता काम कसं करायचं. हे सविस्तर सांगतो, कारण नीट केलेलं काम आणि घाईचं काम यांतला फरक न कळल्यामुळेच ‘मॉड केलं (सॉफ्टवेअर बदललं) की मशीन खराब होतं’ अशी समजूत पसरली आहे.

सुरुवात कार्डापासून. मायक्रोएसडी ते मेमरी स्टिक प्रो ड्युओ असा छोटा अ‍ॅडॉप्टर मिळतो. एक कार्ड बसणारा घ्यावा. दोन कार्डं जोडून एक करणारे अ‍ॅडॉप्टर एक कार्ड गेलं की दोन्हींवरचा मजकूर घालवतात. कार्ड ३२ जीबीचं पुरतं; काठोकाठ भरलेल्या पंधरा-सोळा यूएमडी त्यात मावतात आणि बहुतेक गेम त्याहून बरेच लहान असतात. कार्ड खोटं नाही ना हे आधी तपासावं. खोटं कार्ड संगणकाला ३२ जीबी सांगतं, प्रत्यक्षात ८ जीबीचं असतं, आणि ८ जीबी भरले की आधीच्या मजकुरावरच लिहू लागतं. मग गेम मध्येच अडकतो आणि खापर मॉडवर फुटतं. विंडोजवर ‘एचटूटेस्टडब्ल्यू’ आणि लिनक्सवर ‘एफथ्री’ ही फुकट साधनं पूर्ण कार्ड लिहून, परत वाचून बघतात. तास जातो, पण तो द्यावा. नंतर कार्ड संगणकावर नव्हे, पीएसपीतच फॉरमॅट करावं, म्हणजे लागणारे फोल्डर बरोबर तयार होतात.

मग अधिकृत ६.६१ फर्मवेअर, म्हणजे यंत्राचं आतलं मूळ सॉफ्टवेअर. ‘पीएसपी’ फोल्डरमधल्या ‘गेम’मध्ये ‘अपडेट’ नावाचा फोल्डर करून त्यात सोनीची अपडेट फाइल ठेवायची आणि यंत्रावरून चालवायची. बॅटरी भरलेली आणि चार्जर लावलेला, दोन्ही हवं. बॅटरी काढून नुसत्या चार्जरवर पीएसपी चालतो, पण अपडेट चालत नाही. इथे अनेकजण फसतात: मेलेल्या बॅटरीचं यंत्र घेतात, बाजारातून स्वस्त बॅटरी आणतात आणि ती अर्ध्या वाटेवर दम सोडते. अपडेट अर्धवट राहिलं तर यंत्र सुरूच होत नाही, आणि ३००० मॉडेल त्यातून बाहेर काढणं पहिल्या मॉडेलपेक्षा कितीतरी कठीण. बारीक आकाराच्या बॅटरीवर ‘३६०० एमएएच’ लिहिलेलं दिसलं तर ती घेऊच नये. त्या आकारात तेवढी क्षमता मावत नाही. फुगलेली बॅटरी दाबू, टोचू किंवा चार्ज करू नये. ती ई-कचरा स्वीकारणाऱ्याकडेच द्यावी.

तिसरा टप्पा बदललेल्या फर्मवेअरचा. सध्या ‘एआरके-४’ हे नीट सांभाळलं जाणारं आहे. त्याचा लोडर, म्हणजे ते सुरू करून देणारा छोटा प्रोग्राम, ‘गेम’ फोल्डरमध्ये आणि दुसरा फोल्डर ‘सेव्हडेटा’मध्ये ठेवायचा, लोडर चालवायचा, संपलं. या पद्धतीत यंत्र सुरू होण्याची मूळ साखळी बदलत नाही. त्याची किंमत एवढीच की यंत्र पूर्ण बंद झालं किंवा बॅटरी पार उतरली की लोडर पुन्हा चालवावा लागतो. झोपवलं तर लागत नाही. ‘गेम गायब झाले’ म्हणून दुकानात परत येणाऱ्या यंत्रांचं कारण हेच असतं. कायमस्वरूपी बसवण्याचीही सोय आहे, पण पहिल्या दिवशी त्याची घाई करू नये. काही आठवडे तात्पुरत्या पद्धतीने वापरावं, मग ठरवावं.

आता खरं महत्त्वाचं काम: स्वतःच्या यूएमडीची प्रत. ड्राइव्ह चालू आहे तोवरच ही काढता येते, म्हणून उद्यावर ढकलू नये. सिलेक्ट बटण दाबून मेनू उघडायचा, ‘यूएसबी डिव्हाइस’ या ओळीत ‘यूएमडी डिस्क’ निवडायचं, यूएमडी आत ठेवून मिनी-यूएसबी केबलने संगणकाला जोडायचं. संगणकाला एक आयएसओ फाइल, म्हणजे अख्ख्या डिस्कची एका फाइलीतली प्रत, दिसते. ती कॉपी करून कार्डाच्या ‘आयएसओ’ फोल्डरमध्ये टाकायची. हा फोल्डर कार्डाच्या मुळाशी हवा. ‘पीएसपी’ फोल्डरच्या आत केला तर गेम दिसत नाही. यूएमडीचा वाचनाचा वेग सेकंदाला ११ मेगाबिट, म्हणून पूर्ण भरलेल्या डिस्कला वीस-पंचवीस मिनिटं लागतात. कॉपी प्रत्येक वेळी एकाच जागी अडकत असेल तर ओरखडा समजावा. वेगवेगळ्या जागी अडकत असेल तर लेन्स. लेन्सला कापसाच्या काडीवर ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोल घेऊन, दाब न देता एकदा फिरवावं. शेवटी फाइलचा हॅश, म्हणजे मजकुरावरून निघणारी तिची ओळखखूण, काढून ‘रीडम्प’ या सूचीतल्या नोंदीशी ताडावा. त्या सूचीत गेम नसतात, फक्त बरोबर प्रतीच्या खुणा असतात. जुळलं नाही तर डिस्क पुसून पुन्हा काढावी.

पहिल्या प्लेस्टेशनच्या सीडी पीएसपीवर फार छान चालतात, कारण सोनीनेच त्यांचा एम्युलेटर, म्हणजे एका यंत्राचे गेम दुसऱ्यावर चालवणारा प्रोग्राम, फर्मवेअरमध्ये घातला आहे. त्यांची प्रत संगणकाच्या ड्राइव्हमधून काढावी, पण ‘बिन’ आणि ‘क्यू’ या दोन फाइलींच्या जोडीत. नुसत्या आयएसओत सीडीवरचे संगीताचे ट्रॅक सुटतात आणि गेम मुका होतो. मग ती जोडी पीएसपीला चालणाऱ्या ‘इबूट’ फाइलमध्ये बदलायची. गेमबॉय अ‍ॅडव्हान्सचे गेम एम्युलेटरवर पूर्ण वेगाने हवे असतील तर प्रोसेसर ३३३ वर ठेवावा. सुपर निन्टेन्डो या जुन्या यंत्राच्या गेमबाबत अपेक्षा आवरत्या ठेवाव्यात; पीएसपीला ते पेलत नाही, फ्रेम गाळाव्या लागतात.

गेमबॉयच्या कॅसेटची प्रत काढायला ‘जीबीएक्सकार्ट’सारखं छोटं उपकरण लागतं. तिथे गेमच्या आधी सेव्ह, म्हणजे खेळाची साठवलेली प्रगती, वाचून घ्यावा. अनेक कॅसेटींत सेव्ह टिकवायला एक नाणेवजा सेल असतो आणि तो संपला किंवा बदलायला काढला की खेळाची सगळी प्रगती पुसली जाते. नवा सेल पट्ट्या जोडलेलाच आणावा. साध्या सेलवर थेट सोल्डर करताना तो तापून फुटू शकतो. आणि कॅसेटमध्ये फुंकर मारणं थांबवावं. तोंडातली वाफ तांब्यावर बसून गंज वाढवते. कॅसेट काढून परत घातल्याने संपर्क घासला जातो आणि ती चालते, श्रेय मात्र फुंकरीला मिळतं. आपल्या खाडीकाठच्या हवेत जून ते सप्टेंबर हा खरा शत्रू आहे. डिस्क-कॅसेटी हवाबंद डब्यात, सिलिका जेलच्या पुड्यांसह ठेवाव्यात आणि पुड्या ओल्या झाल्या की बदलाव्यात.

एवढ्या कष्टाने स्वतःच्या डिस्कची प्रत काढणाऱ्याला आणि ‘दहा हजार गेम’वाल्याला एका मापाने मोजणं अन्यायाचं आहे. कायदाही तसं मोजत नाही.

कॉपीराइट कायदा, १९५७ च्या कलम ५२(१) मध्ये काय केल्याने उल्लंघन होत नाही याची यादी आहे. त्यातला ‘एए’ हा उपखंड प्रोग्रामची प्रत कायदेशीररीत्या बाळगणाऱ्याला, हरवणं-बिघडणं यापासून तात्पुरतं संरक्षण म्हणून राखीव प्रत काढू देतो. ‘एडी’ आणखी मोकळा आहे: स्वतः कायदेशीररीत्या मिळवलेल्या प्रतीवरून, बिगर-व्यावसायिक वैयक्तिक वापरासाठी प्रोग्रामची प्रत किंवा रूपांतर करायला हरकत नाही. गेममध्ये प्रोग्रामखेरीज चित्रं आणि संगीत असतं. त्यासाठी पहिलाच उपखंड आहे, जो प्रोग्राम सोडून इतर कृतींचा वैयक्तिक वापरासाठी रास्त उपयोग मान्य करतो. हे तुकडे एकत्र वाचले की स्वतःच्या यूएमडीची प्रत स्वतःच्या पीएसपीवर खेळणाऱ्याची बाजू भक्कम दिसते.

राहिला कुलूप तोडण्याचा मुद्दा. २०१२ च्या दुरुस्तीने ६५ए हे कलम आलं. हक्कभंग करण्याच्या हेतूने तांत्रिक संरक्षण भेदणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. ‘हेतूने’ हे त्यातलं कळीचं आहे. याच कलमात पुढे म्हटलं आहे की कायद्याने स्पष्टपणे मनाई न केलेल्या कारणासाठी असं काही केलं तर ते कलम आड येत नाही. मात्र दुसऱ्याला त्यात मदत करणाऱ्याने त्या व्यक्तीचं नाव, पत्ता, ओळख पटवणारा तपशील आणि कारण यांची पूर्ण नोंद ठेवली पाहिजे.

ही अट दुकानदारांसाठी संकट नाही, ढाल आहे. नौपाड्यातला किंवा वाशीतला कारागीर साध्या वहीत रकाने आखू शकतो: तारीख, गिऱ्हाइकाचं नाव-पत्ता, पाहिलेल्या ओळखपत्राचा प्रकार, यंत्राचं मॉडेल आणि अनुक्रमांक, कारण, सही. कारणाच्या रकान्यात ‘स्वतःच्या यूएमडींच्या प्रती चालवणे’ असं स्पष्ट लिहावं. ओळखपत्राची झेरॉक्स ठेवू नये. लोकांची माहिती गोळा करून ठेवण्याची जोखीम कशाला घ्यायची? पावतीवर मजुरी, अ‍ॅडॉप्टर, कार्डाची क्षमता आणि ‘कार्ड रिकामं दिलं’ ही ओळ. डिस्कच्या प्रती गिऱ्हाइकाने घरी स्वतः काढाव्यात. दुकानाने पैसे घेऊन काढून दिल्या तर ‘बिगर-व्यावसायिक’ ही अट डळमळते. रीत दाखवून द्यावी, हात गिऱ्हाइकाचा असावा. असा एक दुकानदार उभा राहिला तर पोलीस तपासणीत त्याच्याकडे दाखवायला काहीतरी असेल आणि शेजारच्या भरलेल्या कार्डवाल्याकडे काहीच नसेल.

भरलेल्या कार्डवाल्याची बाजू मांडणारे म्हणतात की कंपन्यांनीच हे गेम विकणं थांबवलं, मग कुणाचं काय गेलं? प्रश्न गंभीर आहे. अमेरिकेतल्या व्हिडिओ गेम हिस्ट्री फाउंडेशनने २०२३ मध्ये केलेल्या पाहणीत तिथे प्रकाशित झालेल्या अभिजात गेमपैकी ८७ टक्के गेम आज बाजारात उपलब्ध नसल्याचं दिसलं. ही लाजिरवाणी स्थिती आहे आणि ती बदलायला कायदा बदलला पाहिजे. पण भरलेल्या कार्डावर नेमकं काय असतं ते पाहा: कंपन्या आजही पुन्हा पुन्हा विकत असलेले, सर्वांत गाजलेले गेम. त्यात एकच गेम जपानी, अमेरिकी आणि युरोपीय आवृत्त्यांत तीनदा मोजलेला, अर्धवट भाषांतरित आणि बिघडलेल्या फाइली मिसळून आकडा फुगवलेला. दुर्मीळ गेम वाचवण्याचं काम यातून होत नाही. सोबतचं कार्डही बहुधा हलक्या प्रतीचं असतं आणि काही महिन्यांत वाचता येईनासं होतं.

याहून मला खटकतं ते एम्युलेटर लिहिणाऱ्यांचं. ‘एसनेस९एक्स’सारखा सुपर निन्टेन्डोचा एम्युलेटर वर्षानुवर्षं फुकट दिला गेला, आणि त्याच्या परवान्यात व्यापारी वापराला मनाई आहे. तो यंत्रात भरून विकणारा गेम करणाऱ्यांचं घेतो आणि या मंडळींचंही घेतो. त्याला ‘जुन्या गेमचा रक्षक’ म्हणणं मला मान्य नाही.

शिक्षा किरकोळ नाही. जाणूनबुजून हक्कभंग करणाऱ्याला कलम ६३ खाली सहा महिने ते तीन वर्षं कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख रुपये दंड. बेकायदा प्रत जाणीवपूर्वक वापरणाऱ्यासाठी ६३बी आहे. वापर नफ्यासाठी नसेल तर न्यायालय कैद माफ करून पन्नास हजारांपर्यंत दंडावर थांबू शकतं. मुलासाठी खेळणं म्हणून ते यंत्र घेणाऱ्या पालकांना हे कुणी सांगत नाही.

इथे आपल्या पिढीने एक अवघड गोष्ट मान्य करावी लागेल. नव्वदच्या दशकात ठाण्या-मुंबईत घरोघरी आलेल्या टीव्ही गेमच्या पिवळ्या कॅसेटी, ज्यांच्यावर ‘९९९ इन १’ असं छापलेलं असायचं, त्यांतल्या बहुतेक सगळ्या बेकायदा प्रतीच होत्या. आत पाहिलं तर छापील चिपऐवजी काळ्या डांबरासारख्या गोळ्याखाली दडवलेली चकती. पैसे आपण खरे मोजले, पण ‘एडी’ उपखंडातली ‘कायदेशीररीत्या मिळवलेली प्रत’ ती नव्हे. तिची प्रत काढून हक्क सांगता येत नाही. तो गेम खेळायचा असेल तर कंपनीने अधिकृतपणे पुन्हा काढलेला संग्रह घ्यावा किंवा मूळ कॅसेट शोधावी.

तरीही त्या यंत्रांची तांत्रिक आठवण जपण्याजोगी आहे. ज्याची ती नक्कल होती ते मूळ जपानी यंत्र, निन्टेन्डोचं फॅमिकॉम, सेकंदाला ६० चित्रं दाखवायचं. आपला टीव्ही पाल पद्धतीचा, ५० चित्रांचा. त्यासाठी बनवलेल्या नकली यंत्रांवर गेम सहाला पाच या प्रमाणात संथ चालायचा, संगीतही तसंच. आज एम्युलेटरवर तोच गेम लावला की हात मागे पडतो आणि माणसाला वाटतं वय झालं. ‘एफसीईयूएमएम’ या एम्युलेटरच्या प्रदेशाच्या यादीत ‘डेंडी’ असा पर्याय आहे; तो निवडला की आपल्याकडच्या यंत्रांचा वेग परत मिळतो. रशियात विकल्या गेलेल्या अशाच नकली यंत्राच्या नावाने तो पर्याय ठेवला गेला, म्हणजे तिथल्या हौशी लोकांनी आपला अनुभव नोंदवून ठेवला. आपण नोंदवलेला नाही.

आणि जे आपलं स्वतःचं, ते तरी कुठे नोंदवलं आहे? ‘हनुमान: बॉय वॉरियर’ हा २००९ चा पीएस२ वरचा गेम हैदराबादच्या अरोना टेक्नॉलॉजीजने केला. ‘देसी अड्डा’मध्ये कबड्डी आणि पतंग होते; तो पीएस२ आणि पीएसपी दोन्हींवर आला. ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’ मुंबईच्या ट्राइन गेम्सचा, तोही दोन्हींवर. भारतात कन्सोलसाठी गेम बनू लागल्याच्या काळाचे हे पुरावे आहेत, आणि त्यांची साठवण कुणाच्या तरी कपाटातल्या सांधा सुटलेल्या कवचांत आहे. ‘दहा हजार गेम’च्या कार्डावर हे शोधू नका.

पुस्तकांसाठी १९५४ चा कायदा आहे. प्रकाशकाने प्रती कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि मुंबईसह इतर नेमलेल्या ग्रंथालयांना द्यायच्या. चित्रपटांसाठी पुण्यात १९६४ पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. गेमसाठी काही नाही. गंमत म्हणजे ग्रंथालयाने गेम लोकांना नेऊ देणं कायद्याला चालतं: कॉपीराइट कायद्याच्या २(एफए) या व्याख्येनुसार, कायदेशीररीत्या घेतलेली प्रोग्रामची प्रत ग्रंथालयाने नफ्याविना उसनी दिली तर ते व्यापारी भाडं ठरत नाही. अडतं जतनाशी. कलम ५२(१) चा ‘एन’ उपखंड सार्वजनिक ग्रंथालयाला जतनासाठी इलेक्ट्रॉनिक साठवण करू देतो, पण ग्रंथालयाकडे त्या कृतीची ‘डिजिटल नसलेली’ प्रत असेल तरच. पुस्तक, नकाशा, हस्तलिखित यात बसतात. गेम जन्मतःच डिजिटल; त्याची डिजिटल नसलेली प्रत असूच शकत नाही. ज्या वस्तूला इलेक्ट्रॉनिक जतनाची सर्वांत जास्त गरज, नेमकी तीच या सवलतीबाहेर राहिली आहे. ‘एए’चा आधार घ्यावा तर तिथे ‘तात्पुरतं’ संरक्षण आहे, पन्नास वर्षांचं जतन नाही.

अमेरिकेतही ग्रंथालयं अडली आहेत. तिथल्या कॉपीराइट कार्यालयाने ऑक्टोबर २०२४ मध्ये जुने गेम संशोधकांना दुरून वापरू देण्याची सूट नाकारली. पण ती मागणी निदान तिथे कुणीतरी, अनेक वर्षं, रीतसर केली. आपल्याकडे कॉपीराइटचा विषय २०१६ पासून उद्योग संवर्धन आणि अंतर्गत व्यापार विभागाकडे आहे. ‘एन’ उपखंडातले ‘डिजिटल नसलेली’ हे शब्द काढून तिथे ‘कायदेशीररीत्या मिळवलेली’ असं घालावं, आणि १९५४ च्या कायद्यात भारतात प्रकाशित होणारे गेम आणावेत, अशा दोन मागण्या त्या विभागाकडे पाठवायला कुणाची परवानगी लागत नाही.

ठाण्याचं मराठी ग्रंथ संग्रहालय १८९३ चं आहे. नवी मुंबई महापालिकेची वाचनालयं आहेत. कायदा बदलेपर्यंत त्यांना करता येण्याजोगं बरंच आहे: मूळ यूएमडी, सीडी आणि कॅसेटी देणगी म्हणून स्वीकाराव्यात, देणाऱ्याकडून मूळ खरेदीबद्दल एका ओळीचं निवेदन घ्यावं, कवचांचे सांधे प्लास्टिकच्या गोंदाने कडेकडेने जोडावेत, प्रत्येक डिस्कचा फोटो आणि हॅश नोंदवावा, आणि वर्षातून दोनदा, पावसाळ्याच्या आधी आणि नंतर, ती वाचून तोच हॅश येतो का ते पाहावं. त्यासाठी लागतो एक संगणक, एक डीव्हीडी ड्राइव्ह आणि चालू ड्राइव्हचा एक पीएसपी, नीट मॉड केलेला, रिकाम्या कार्डासह. तो पीएसपी त्याच कारागिराकडून, त्याच वहीत ग्रंथालयाच्या नावाची नोंद करून घ्यावा.